मुक्या जिवाला आधी कसे कळते?

वाचकहो, रात्रीच्या नीरव वेळी गल्लीच्या टोकाशी एखादे कुत्रे गळा काढून रडू लागले की आपल्या घराघरांत काय घडते, हे आपण सर्वांनी अनुभवले आहे. कोणी उठून त्याला हाकलून लावतो, कोणी देवाचे नाव घेतो. आणि घरात कोणी आजारी असेल, तर त्याच्या खोलीचे दार हलकेच लोटून घेतले जाते. कुत्र्याला यम दिसतो, ही समजूत आपल्या हाडीमाशी खिळलेली आहे. टिटवीचे ओरडणे, घुबडाचा घूत्कार, पालीची चुकचुक, अंगणात ओरडणारा कावळा असे एक मोठे शकुनशास्त्रच पिढ्यान्‌पिढ्या आपल्याकडे चालत आले आहे. चाळीतून सदनिकेत राहावयास गेलो, तरी ते आपल्यासोबत आलेच.

याच समजुतीचे एक हसरे, नवे रूपही हल्ली माझ्या दवाखान्यात ऐकू येते. “डॉक्टर, हे ऑफिसातून निघाले की आमचा कुत्रा दाराशी जाऊन बसतो. त्याला कसे कळते?” विचारणाऱ्याच्या चेहऱ्यावर भय नसते, कौतुक असते. तथापि, दोन्हींच्या मुळाशी कल्पना एकच आहे. डोळे, कान, नाक यांच्या पलीकडची काही शक्ती प्राण्यांना लाभलेली असून दूरचे वा पुढचे त्यांना त्या शक्तीने कळते, ही ती कल्पना होय.

आरोग्याच्या पाक्षिकात हा विषय कशाला, असे कदाचित आपणांस वाटेल. कुटुंबाचा डॉक्टर म्हणून तीस वर्षे घरोघरी जाताना मला दिसले आहे की, रुग्णाच्या घरात ही समजूत गप्प बसत नाही. ती निर्णय घेते. कोणी तिच्यापायी औषध थांबवतो, कोणी ठरलेली शस्त्रक्रिया पुढे ढकलतो, कोणी जिवंत माणसासाठी नातलगांना तारा केल्यासारखे फोन करतो. म्हणून या प्रश्नाकडे हसून दुर्लक्ष करणे मला योग्य वाटत नाही. तो तपासण्याजोगा प्रश्न आहे आणि शंभराहून अधिक वर्षे तो तपासलाही जात आहे.

बर्लिनचा घोडा आणि आपला नंदीबैल

या तपासाचा सर्वांत बोधप्रद अध्याय जर्मनीत घडला. बर्लिन शहरात विल्हेल्म फॉन ऑस्टेन नावाचे गणिताचे एक निवृत्त शिक्षक राहत. त्यांच्या ‘हान्स’ या घोड्याला बेरीज, वजाबाकी, अपूर्णांक, तारीख, घड्याळातील वेळ असे सारे येते, अशी त्याची ख्याती झाली. प्रश्न विचारला की हान्स पुढचा खूर जमिनीवर आपटून उत्तर सांगे आणि बरोबर आकड्यावर थांबे. मालक तेथे नसला आणि तिऱ्हाइताने प्रश्न विचारला, तरीही उत्तर बहुधा बरोबर येई. फॉन ऑस्टेन खेळाचे पैसे घेत नसत. लबाडीचा संशय घ्यावा, असे काहीच नव्हते.

१९०४ साली मानसशास्त्रज्ञ कार्ल श्टुम्फ यांच्या पुढाकाराने तेरा जणांची समिती नेमली गेली. प्राणिसंग्रहालयाचे संचालक, सर्कशीचे व्यवस्थापक, घोडदळाचे अधिकारी, पशुवैद्य, शिक्षक असे जाणकार तीत होते. यात हेतुपुरस्सर फसवणूक नाही, असा निर्वाळा समितीने दिला. मग घोड्याला कळते तरी कसे? हे शोधण्याचे काम श्टुम्फ यांचे विद्यार्थी ऑस्कर फुंग्स्ट यांच्याकडे आले.

फुंग्स्ट यांनी एक साधी गोष्ट केली. प्रश्न विचारणाऱ्यालाच उत्तर ठाऊक नसेल, अशी व्यवस्था त्यांनी केली. फॉन ऑस्टेन यांना उत्तर ठाऊक असताना हान्सची ८९ टक्के उत्तरे बरोबर आली होती. ठाऊक नसताना केवळ ६ टक्के आली. घोड्याच्या डोळ्यांना झापडे लावून विचारणारा माणूस दिसेनासा केला, तेव्हाही उत्तरे चुकू लागली. हान्सला गणित येत नव्हते आणि मनातलेही कळत नव्हते. तो माणसांना पाहत होता. प्रश्न संपताच विचारणारा नकळत किंचित पुढे झुके, तेव्हा हान्स खूर आपटू लागे. अपेक्षित आकडा आला की त्याचे डोके अगदी थोडेसे वर उचलले जाई, आणि हान्स थांबे. ही हालचाल इतकी सूक्ष्म होती की, ती ठाऊक झाल्यावरही फुंग्स्ट यांना स्वतःची मान रोखणे जमेना.

आपल्या दारी येणारा नंदीबैल येथे आठवतो. ‘पाऊस पडेल का?’ असे विचारताच गुबुगुबु वाजते आणि तो मान डोलावतो. नंदीबैलवाल्याने बैलाला इशारे शिकवलेले असतात आणि आपण इशारा देत आहोत, हे त्याला पुरते ठाऊक असते. बिचाऱ्या फॉन ऑस्टेन यांना मात्र ते ठाऊक नव्हते. १९०९ साली मृत्यू येईपर्यंत त्यांनी फुंग्स्ट यांचा निष्कर्ष मान्य केला नाही. प्रामाणिक माणूस स्वतःची किती सहज फसवणूक करून घेतो, याचे याहून बोलके उदाहरण मला माहीत नाही. नव्या औषधाच्या चाचणीत खरी गोळी कोणाला मिळाली, हे रुग्णाला आणि ती देणाऱ्या डॉक्टरलाही कळू देत नाहीत, ते याच कारणासाठी. डॉक्टरचीही मान हलू शकते.

दूरचे कळते काय?

अतींद्रिय शक्तीच्या संशोधनासाठी प्रसिद्ध असलेले अमेरिकन शास्त्रज्ञ जे. बी. ऱ्हाइन यांनी व्हर्जिनिया राज्यातील ‘लेडी वंडर’ या घोडीची तपासणी केली. ही घोडी अक्षरांच्या व अंकांच्या ठोकळ्यांना नाक लावून उत्तरे देई. तिला मनातले कळते, असा निष्कर्ष ऱ्हाइन यांनी १९२९ साली प्रसिद्ध केला. दुसऱ्या भेटीत मात्र ती मालकिणीच्या खुणांवर विसंबून आहे, असे त्यांना स्वतःलाच आढळले. पुढे मिलबर्न ख्रिस्तोफर या जादूगाराने कागदावर एक अंक लिहिला आणि पेन्सिलीची हालचाल दुसराच अंक लिहीत असल्यासारखी केली. घोडीने उत्तर दिले ते हालचालीतल्या अंकाचे.

घरी परतणाऱ्या धन्याची चाहूल घेणाऱ्या कुत्र्यांवरही असाच वाद झाला. इंग्लंडमधील ‘जेटी’ या कुत्र्याची मालकीण घरी यावयास निघाली की तो खिडकीशी जाऊन बसतो, असे घरच्यांचे म्हणणे होते. जीवशास्त्रज्ञ रूपर्ट शेल्ड्रेक यांनी त्याचे अनेकदा चित्रण केले आणि मालकीण परतीच्या वाटेवर असताना तो खिडकीशी कितीतरी अधिक वेळ घालवतो, असे मांडले. मानसशास्त्रज्ञ रिचर्ड वाइझमन यांनी सहकाऱ्यांसह चार प्रयोग केले. निघण्याची वेळ घरच्यांना कळू दिली नाही आणि यश कशाला म्हणायचे, हे आधीच ठरवले. त्या कसोटीला जेटी उतरला नाही, असे त्यांनी १९९८ साली प्रसिद्ध केले. त्यांच्याच नोंदी आपला दावा सिद्ध करतात, असे शेल्ड्रेक यांनी प्रत्युत्तर दिले.

सामान्य वाचकाने यातून काय घ्यावे? माणूस जितका अधिक वेळ बाहेर राहील, तितके कुत्रे अधिक वेळा खिडकीशी जाणार, हे साधे स्पष्टीकरण आधी संपवले पाहिजे. ते संपल्याखेरीज टेलिपथीचा विचार करण्याचे कारण नाही. छातीत दुखते म्हणणाऱ्या माणसाला दुर्मीळ आजार शोधण्यापूर्वी आम्ही आधी हृदयाचा आलेख काढतो, तसेच हे आहे.

नाकाचे राज्य

वाचकहो, अतींद्रिय शक्तीचा पुरावा हाती आला नाही, म्हणून प्राण्यांना काहीच कळत नाही, असा अर्थ काढू नये. ज्याला आपण ‘इंद्रियांपलीकडचे’ म्हणतो, ते बहुधा फक्त आपल्या इंद्रियांपलीकडचे असते. माणसाला सेकंदाला सुमारे वीस हजार कंपनांपर्यंतचा आवाज ऐकू येतो. कुत्र्याचा कान त्याच्या दुपटीहून पुढे जातो. घ्राणेंद्रियात तर तुलनाच नाही. आपल्या नाकात गंध टिपणाऱ्या काही दशलक्ष पेशी असतात, कुत्र्याच्या नाकात काही कोटी. ज्या खोलीत आपल्याला केवळ फिनाइलचा वास येतो, ती खोली त्याला भरगच्च बखरीसारखी वाचता येत असली पाहिजे.

१९८९ साली ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात दोन डॉक्टरांचे एक छोटे पत्र छापून आले. ४४ वर्षांच्या एका स्त्रीची कुत्री तिच्या मांडीवरील एका तिळाचा सतत वास घेई, अगदी कपड्यावरूनसुद्धा. अंगावरच्या इतर तिळांकडे ती ढुंकूनही पाहत नसे. एकदा तर तो तीळ चावून काढण्याचा प्रयत्न तिने केला. तेव्हा ती स्त्री डॉक्टरांकडे गेली. तो तीळ मेलॅनोमा, म्हणजे त्वचेचा घातक कर्करोग निघाला आणि वेळेवर काढता आला.

एका हकिगतीवर शास्त्र उभे राहत नाही. म्हणून इंग्लंडमधील संशोधकांनी सहा कुत्र्यांना मूत्राशयाच्या कर्करोगाच्या रुग्णांची लघवी वासावरून ओळखण्यास शिकवले. प्रत्येक चाचणीत सात नमुने ठेवले जात, त्यांपैकी एक रुग्णाचा. २००४ साली ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये निकाल आला. ५४ चाचण्यांपैकी २२ वेळा, म्हणजे ४१ टक्के वेळा, कुत्र्यांनी बरोबर नमुना ओळखला. केवळ योगायोगाने हे प्रमाण १४ टक्के आले असते. त्याहून लक्षणीय गोष्ट प्रशिक्षणाच्या काळात घडली. निरोगी समजल्या गेलेल्या एका व्यक्तीच्या नमुन्यापाशी सारीच कुत्री हटकून थांबू लागली. त्या व्यक्तीची पुन्हा तपासणी केली, तेव्हा मूत्रपिंडात कर्करोग आढळला.

याच दिशेने पुढेही काम झाले. अपस्माराचा झटका आलेल्या व्यक्तीच्या श्वासाला व घामाला वेगळा गंध असतो आणि प्रशिक्षित कुत्री तो ओळखतात, असे २०१९ साली प्रसिद्ध झालेल्या एका लहान अभ्यासात दिसले. मधुमेही माणसाची साखर उतरली की श्वासातील आयसोप्रीन या वायूचे प्रमाण वाढते, असेही आढळले आहे. अशा वेळी धन्याला उठवणाऱ्या कुत्र्यांच्या वर्तनाचे ते एक कारण असू शकेल. आम्हां डॉक्टरांच्या जुन्या पिढीलाही नाकाचे शिक्षण असे. मधुमेहातील कीटोन वाढले की श्वासाला पिकल्या फळासारखा गोडसर वास येतो, मूत्रपिंडे निकामी झाली की लघवीसारखा, हे आम्ही खाटेशेजारी उभे राहून शिकलो. यात अद्भुत काही नव्हते. कुत्र्याचे नाक आमच्या नाकाच्या फार पुढे आहे, इतकेच.

पण या यशालाही मर्यादा आहे. ५४ पैकी २२ बरोबर, याचा अर्थ ३२ वेळा चूक. आपल्या कुत्र्याने हुंगले नाही म्हणून गाठ निर्धोक आहे, असे मानणे हे अपशकुनाला घाबरण्याइतकेच धोक्याचे ठरेल.

मृत्यूची चाहूल

मृत्यूची चाहूल लागते, या समजुतीला सर्वाधिक बळ दिले ते ‘ऑस्कर’ नावाच्या मांजराने. अमेरिकेतील प्रॉव्हिडन्स शहरातील एका शुश्रूषागृहात स्मृतिभ्रंशाच्या रुग्णांच्या मजल्यावर ते वाढले. डॉ. डेव्हिड डोसा यांनी २००७ साली ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मध्ये त्याच्यावर लेख लिहिला. एरवी फारसे कोणाजवळ न जाणारे ऑस्कर ज्या रुग्णाच्या अंथरुणावर येऊन बसे, तो रुग्ण बहुधा काही तासांत दगावे. असे पंचवीसहून अधिक रुग्णांच्या बाबतीत घडले होते.

मरणासन्न शरीरात होणाऱ्या रासायनिक बदलांचा गंध त्याला येत असेल, निश्चल पडलेल्या माणसाजवळची शांतता वा पांघरुणाची ऊब त्याला आवडत असेल; अशी अनेक स्पष्टीकरणे पुढे आली. तो लेख हा प्रयोग नव्हे, हकिगत होती, हेही ध्यानात ठेवावे. पण मला त्यातली वेगळीच गोष्ट मोलाची वाटते. ऑस्कर येऊन बसले की परिचारिका नातलगांना बोलावून घेत. ज्यांना कोणीच नव्हते, त्यांच्या उशाशी निदान ते मांजर असे. तेथील लोकांनी त्याला यमदूत ठरवून हाकलले नाही.

आपल्याकडे नेमके उलट घडते. एका वयोवृद्ध रुग्णाचे उदाहरण सांगतो. हृदयाची ताकद कमी झालेली, पायांवर सूज, रात्री धाप. घरचे कुत्रे सलग तीन रात्री रडले आणि त्या घराने मनोमन निकाल लावून टाकला. गावाकडचे नातलग जमले. आजोबांनी भिंतीकडे तोंड केले आणि अन्न-औषध दोन्ही नाकारले. “आता कशाला, डॉक्टर? त्याला कळले आहे.” मी विचारपूस केली, तेव्हा दोन गोष्टी समजल्या. रात्री लघवीला उठावे लागते म्हणून पाणी उतरवण्याची गोळी त्यांनी आठवडाभर आधीच बंद केली होती. धाप त्यामुळे वाढली होती. आणि आजोबांच्या खाटेखाली झोपणारे कुत्रे, भेटीला माणसे येऊ लागल्यापासून, अंगणात साखळीने बांधले जात होते. गोळी सकाळच्या वेळेला आणली, दोन दिवस रुग्णालयात ठेवले, कुत्र्याला पुन्हा खाटेखाली घेतले. आजोबा त्यानंतर चार वर्षे जगले. कुत्रे का रडले, हे मी शपथेवर सांगू शकत नाही. पण अंगणात एकट्या बांधलेल्या कुत्र्याला रडण्यासाठी यम दिसावा लागत नाही.

मग इतक्या घरांतून ‘कुत्रे रडले आणि माणूस गेला’ असे ऐकू का येते? यासाठी मनात चार खण मांडा. कुत्रे रडले आणि मृत्यू झाला, हा पहिला. रडले पण काहीच झाले नाही, हा दुसरा. रडले नाही तरी मृत्यू झाला, हा तिसरा. रडले नाही आणि काही झाले नाही, हा चौथा. आपल्या स्मरणात भरतो तो केवळ पहिला खण. उरलेले तीन रिकामे नसतात; आपण ते मोजत नाही. त्यातून रुग्णवाहिकेच्या भोंग्याला कुत्री हेल काढून साथ देतात. जेथे रुग्णवाहिका अधिक येतात, तेथे मृत्यूही अधिक होतात आणि कुत्र्यांचे रडणेही.

घरी काय करावे?

ज्यांना हौस असेल, त्यांनी हा तपास घरीच करून पाहावा. मुलांना विज्ञानाचा याहून गोड धडा मिळणार नाही. घरी परतण्याची वेळ रोज चिठ्ठी उचलून ठरवा, ती घरच्यांना सांगू नका, नेहमीचे वाहन वापरू नका. घरच्या माणसाने कुत्रे दाराशी गेल्याची प्रत्येक वेळ लिहून ठेवावी, केवळ बरोबर ठरलेली नव्हे. महिनाभराने वह्या जुळवा. जे दिसेल, ते मान्य करा.

रुग्ण असलेल्या घराला मात्र माझे सांगणे थोडे गंभीर आहे. पाळीव प्राणी शरीरावरील एकाच जागी वारंवार हुंगत वा चाटत असेल, तर ती जागा उजेडात नीट पाहा. तिळाचा रंग, आकार बदलला असेल वा गाठ लागत असेल, तर डॉक्टरांना दाखवा. मधुमेही माणसाभोवती तो रात्री अस्वस्थपणे घोटाळत असेल, तर ग्लुकोमीटरने साखर तपासा. यंत्राचा आकडाच ग्राह्य धरा.

कुत्र्याचे रडणे हे त्याच्या स्वतःच्या दुखण्याचेही लक्षण असू शकते. त्याचा आवाज अचानक घोगरा झाला, तोंडातून लाळ गळू लागली, स्वभाव पालटला, तर तो अपशकुन नव्हे. पिसाळण्याची, म्हणजे रेबीजची शक्यता आहे. अशा कुत्र्याच्या जवळ जाऊ नका आणि पशुवैद्यकीय यंत्रणेला कळवा. कुत्रे चावले वा जखमेवर त्याची लाळ लागली, तर ती जागा वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटे धुवा आणि त्याच दिवशी लस सुरू करा. येथे शकुनाचा विचार करण्यात गेलेला एक दिवसही जिवावर बेतू शकतो.

आणि रात्री बाहेर कुत्रे रडू लागले, तर रुग्णाच्या खोलीचे दार लोटून घेऊ नका, ते उघडा. दिवा लावा. आजारी माणसाचा श्वास मिनिटभर मोजा; शांत पडलेल्या प्रौढ माणसाचा श्वास मिनिटाला वीसच्या पुढे जात असेल, तर डॉक्टरांना कळवा; ओठ निळसर दिसत असतील वा माणूस हाकेला ओ देत नसेल, तर तडक रुग्णालय गाठा. श्वास संथ असेल, तर पांघरूण सारखे करा आणि थोडा वेळ त्यांचा हात हातात घेऊन बसा. ते जागे असतील, तर कुत्र्याचे रडणे त्यांनीही ऐकले आहे.